माणसांचा पडदा

देहूरोड सोडलं की लोणावळा लोकल बेगडेवाडी, घोरावाडी करत तळेगावला येते. या तळेगाव दाभाड्यात गो. नी. दांडेकर राहत. डोंगरकिल्ले पालथे घालणाऱ्या गोनीदांनी ठाकर आदिवासींच्या जगण्यावर ‘जैत रे जैत’ ही कादंबरी लिहिली आणि १९७७ साली तिच्यावर चित्रपट आला. दिग्दर्शक डॉ. जब्बार पटेल. पाचच वर्षांपूर्वी याच माणसानं पुण्यात ‘घाशीराम कोतवाल’ बसवलं होतं.

श्रोतेहो, नाटकातून सिनेमात गेलेले आणि तिथलेच होऊन बसलेले दिग्दर्शक पुष्कळ. जब्बार मात्र जात-येत राहिले.

जन्म १९४२ सालचा, पंढरपूरचा. शिक्षण वैद्यकीय, पेशा बालरोगतज्ज्ञाचा. दवाखाना दौंडला आणि तालमी पुण्याला! विजय तेंडुलकरांचं ‘अशी पाखरे येती’ त्यांनी पीडीए, म्हणजे प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनसाठी बसवलं. मग डिसेंबर १९७२ मध्ये ‘घाशीराम’ आलं. भास्कर चंदावरकरांचं संगीत, कृष्णदेव मुळगुंदांची नृत्यरचना आणि रंगमंचावर ब्राह्मणांची एक लांबलचक रांग. ही रांग गाते, डोलते, पाठ फिरवून भिंत होते, आडोसा देते, पुन्हा तोंड वळवून पुणेरी गर्दी होते. नेपथ्याचं निम्मं काम माणसांनीच उरकलेलं. या माणसांच्या पडद्याआड काय चाललंय, ते प्रेक्षकाला दिसतं आणि दिसतही नाही.

नाटकावरून वादळ उठलं. एकोणीस प्रयोगांनंतर संस्थेनं ते थांबवलं. कलाकार मंडळी बाहेर पडली, १९७३ मध्ये त्यांनी थिएटर अकॅडमी काढली आणि ‘घाशीराम’ पुन्हा उभं राहिलं. पुढं १९८० मध्ये ते युरोपातही गेलं.

गंमत अशी, की ‘घाशीराम’चा सिनेमा झाला १९७६ साली, पण तो जब्बारांनी केला नाही. फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांच्या ‘युक्त’ या सहकारी संस्थेनं तो केला. जब्बारांची नजर तोवर दुसरीकडं वळली होती. रामदास फुटाणे निर्माते आणि तेंडुलकर पटकथाकार असलेला त्यांचा ‘सामना’ १९७५ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. त्यातली माणसं बघा: श्रीराम लागू रंगभूमीवरचे, निळू फुले लोकनाट्यातले, मोहन आगाशे तर ‘घाशीराम’मधले नाना फडणवीस. कॅमेऱ्यामागं नवखा असलेला दिग्दर्शक आपली तालमीतली शिस्त बरोबर घेऊन गेला, असं म्हणायला हरकत नाही.

‘जैत रे जैत’मध्ये हे आगाशेच नाग्या झाले आणि स्मिता पाटील चिंधी. ना. धों. महानोरांची गीतं, हृदयनाथ मंगेशकरांचं संगीत. इथं गाणी कथा थांबवून येत नाहीत, अख्खी वाडी ती गाते. ‘घाशीराम’चा समूह जणू पुण्याच्या वाड्यांतून रानात गेला. आणि सिनेमा जमला म्हणून नाटक सुटलं का? लगेच १९७८ मध्ये पु. ल. देशपांड्यांनी मराठीत आणलेलं ब्रेख्तचं ‘तीन पैशाचा तमाशा’ त्यांनी रंगमंचावर आणलं.

पुढच्याच वर्षी ‘सिंहासन’. अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्या एकत्र गुंफलेला हा चित्रपट. त्यात नायक असा नाहीच. मुख्यमंत्री, आमदार, कामगारपुढारी, स्मगलर आणि हे सगळं बघणारा पत्रकार दिगू टिपणीस. त्यातल्या अर्थमंत्र्याचं आडनाव दाभाडे. तळेगाव दाभाड्यातल्या प्रेक्षकाचे कान तिथं टवकारले असतील! १९८२ च्या ‘उंबरठा’तही स्मिता पाटील मध्यभागी असली, तरी महिलाश्रमातल्या बायकांचा घोळका लक्षात राहतो.

‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ या चित्रपटाला देहूरोडचा प्रेक्षक वेगळ्या नात्यानं बघतो. २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी इथल्या विहारात बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली होती. मामुट्टींना चित्रपटातल्या बाबासाहेबांच्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. एवढं मोठं आयुष्य तीन तासांत बसवताना पटकथेची धावपळ होते खरी. पण महाडच्या तळ्याकडं निघालेला जमाव आला, की जब्बार पुन्हा आपल्या घरच्या मैदानावर असतात.

पुण्याच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाची धुरा त्यांनी वर्षानुवर्षं सांभाळली. आणि जानेवारी २०२४ मध्ये शंभरावं अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलन पिंपरी-चिंचवडला भरलं, तेव्हा अध्यक्ष जब्बार पटेलच होते. निवड आधीच झाली होती. करोनामुळं संमेलन तेवढं लांबलं.