कृत्रिम नेत्र आणि फेरतपासणीची नोंद
(संस्थेच्या वार्षिक सभेत केलेल्या भाषणाचा संक्षेप)



जालना जिल्ह्यात डोळा गमावण्याची कारणे आपल्या अंगणातलीच आहेत. लोखंडाच्या कारखान्यात उडालेली कणी, पऱ्हाटी उपटताना बसलेला फटका, अंगावर काढलेला बुबुळाचा व्रण. लहान मुलांत क्वचित दृष्टिपटलाचा कर्करोग. निकामी डोळा काढल्यावर खोबणीत आत बहुधा एक गोलक बसवितात. जखम भरली की त्यापुढे, पापण्यांच्या आड, ॲक्रिलिकचा कृत्रिम नेत्र येतो. गोलक शरीरात राहतो, नेत्र काढता-घालता येतो. हा भेद ध्यानी ठेवावा.

शस्त्रक्रियेची नोंद आपण काळजीपूर्वक करतो. पण मंठा किंवा परतूरहून एसटीने येणारा रुग्ण सहा महिन्यांनी "डोळ्यातून चिकट पाणी येते" म्हणून येतो, तेव्हा केसपेपरवर एकच शब्द पडतो : फॉलोअप. दोष लिपिकाचा नव्हे. डॉक्टरांनी एवढेच लिहिल्यावर त्याने संकेतांक शोधावा तरी कसा? ही कबुली मी स्वतःच्या सवयीबद्दलही देत आहे.

जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली असली, तरी आमचा नोंदविभाग अद्याप दहावीवरच चालतो. तीत उपचारोत्तर तपासणीसाठी झेड ०९ आणि कर्करोगाच्या उपचारानंतर झेड ०८ हे संकेतांक आहेत. मात्र तपासणीत काही आढळले नाही तरच. काही आढळले, तर जे आढळले त्याचाच संकेतांक प्रथम द्यावयाचा. नेत्र केवळ बसविणे वा जुळवून घेणे असेल तर झेड ४४.२. नेत्राच्या घर्षणाने पापणीच्या आतील आवरणाला सूज आली असेल, तर ती नेत्रश्लेष्मलादाहाच्या एच १० या गटात जाते. आतील गोलक सरकला, उघडा पडला, तर टी ८५.३, त्याला जंतुसंसर्ग झाला, तर टी ८५.७. सोबत झेड ९७.० लिहिले, की कृत्रिम नेत्र आहे हे कळते.

हे आकड्यांचे कोडे देणगीदारांपुढे का मांडावे? कारण उपाय वेगळे आणि खर्चही वेगळा. खरखरीत झालेल्या नेत्राला पॉलिश पुरते; उघड्या पडलेल्या गोलकाला पुन्हा शस्त्रक्रिया लागू शकते. वाढत्या मुलाचा नेत्र तर वाढीबरोबर बदलावाच लागतो, अन्यथा खोबणीची व चेहऱ्याची वाढ त्या बाजूस मागे पडू शकते. सारे एकाच शब्दाखाली गेले, तर वर्षअखेरीस किती नेत्र बदलावे लागणार हे विश्वस्तांना सांगण्यास आमच्यापाशी काहीच उरत नाही. कर्करोगाने डोळा गेलेल्या मुलाची चिंता याहून मोठी. खोबणीत नवी गाठ दिसली आणि नोंद मात्र नेहमीच्या फेरतपासणीची झाली, तर पुढचा डॉक्टर निश्चिंत राहील.

म्हणून यंदापासून नेत्रविभागाच्या केसपेपरवर तीन ओळी छापून घेतल्या आहेत : तक्रार कोणती, ती नेत्राची की खोबणीची, आणि काय केले. नातेवाइकांस विनंती, की येताना जुना केसपेपर आणावा. आणि नेत्र घरी काढून ठेवला असेल, तर तोही स्वच्छ डबीत घालून सोबत आणावा.