चक्कर म्हणून सोडून देऊ नका

(बिद्री येथे झालेल्या तरुणांच्या बैठकीतील भाषण)

 

मी डॉक्टर नाही. इंजिनिअरिंग करून पुण्यात सॉफ्टवेअरची नोकरी करतो. मला इथं करिअरबद्दल बोलायला बोलावलं होतं. मी आयोजकांना विनंती करून विषय बदलून घेतला, कारण माझ्या हातून एक चूक झाली आहे. ती तुमच्या घरात होऊ नये, एवढ्याचसाठी आज उभा आहे.

दोन वर्षांपूर्वीचा रमजान. सहरी उरकून अम्मी फज्रच्या वजूला बसली होती. पहाटेचा गारवा होता, म्हणून भाभीनं पाणी तापवून दिलं होतं. अम्मी म्हणाली, "ये हाथ कू पानी गरम लगताच नै." डाव्या हाताला गरम लागत होतं, उजव्याला नाही. ती उठायला गेली आणि घर फिरायला लागलं. उलटी झाली, डावीकडे कलंडली, मग उचकी सुरू झाली ती थांबेना.

अब्बा मशिदीत गेले होते, भाऊ रात्रपाळीला. भाभी म्हणाली, गाडी बोलवू या. शेजारच्या खाला म्हणाल्या, रोजा आहे, पित्त झालं असेल, मर्दमाणसं येऊ देत. भाभीनं मला व्हिडिओ कॉल लावला, कारण घरात 'शिकलेला' मी.

मी सगळी परीक्षा फोनवर घेतली. अम्मी, हस बरं. दोन्ही हात वर कर. माझं नाव सांग. चेहरा सरळ, दोन्ही हात वर, नाव बरोबर. पॅरालिसिस ओळखायच्या या तीन खुणा मी कुठंतरी वाचल्या होत्या. मी निकाल देऊन टाकला, "स्ट्रोक नाही. झोपू दे तिला." भाभी म्हणत होती की पाणी पिताना ठसका लागतोय, आवाज घोगरा झालाय, डावी पापणी खाली आलीय. मी म्हणालो, "भाभी, उगाच घाबरू नका." जवळच्या एका डॉक्टरांनी उलटीचं इंजेक्शन दिलं. दुसऱ्या दिवशी कोल्हापूरला नेलं. सीटी स्कॅन नॉर्मल आला. संध्याकाळी एमआरआय केला, तेव्हा कळलं: मेंदूच्या देठात, डाव्या बाजूला, स्ट्रोक. भाभीनं सांगितलेली एकेक गोष्ट खरी होती.

सॉफ्टवेअरमध्ये आम्ही रोज एक गोष्ट बोलतो. टेस्ट पास झाली याचा अर्थ इतकाच, की जे तपासलं त्यात दोष सापडला नाही. जे तपासलंच नाही, त्याबद्दल ती टेस्ट काही सांगत नाही. नोकरीत हे मला पाठ आहे. आईच्या बाबतीत विसरलो.

आता हे काय असतं ते सांगतो. मेंदूला चार मुख्य रक्तवाहिन्या रक्त पुरवतात. दोन मानेच्या पुढच्या भागातून जातात. दोन मागून, मानेच्या मणक्यांमधल्या भोकांतून वर चढतात आणि कवटीत शिरल्यावर एक होतात. आपल्या कारखान्याच्या नावातच दोन नद्या आहेत. वेदगंगा पुढं जाऊन दूधगंगेला मिळते, आणि ते एकत्र पाणी कृष्णेला जातं. मागच्या दोन वाहिन्याही तशाच मिळतात. त्यांची जी एक होते, तिला बॅसिलर म्हणतात. मेंदूचा देठ, लहान मेंदू आणि नजरेचा मागचा भाग या मागच्या पुरवठ्यावर चालतात. तोल, डोळ्यांची हालचाल, गिळणं, आवाज, श्वास, शुद्ध हे सगळं तिथलं काम.

रक्ताची गुठळी अडकून होणाऱ्या स्ट्रोकपैकी साधारण पाचातला एक या मागच्या भागात होतो. चेहरा, हात आणि बोलणं या तीन खुणा मुख्यतः पुढच्या भागातला स्ट्रोक पकडतात. त्या चांगल्याच आहेत, टाकून देऊ नका. पण त्यांच्या आधी आणखी दोन शब्द जोडा: तोल आणि डोळे. इंग्रजीत 'फास्ट'चं 'बी-फास्ट' केलं आहे ते याचसाठी.

पाच बोटांवर मोजून ठेवा. अचानक चक्कर येऊन तोल जाणं, आधाराशिवाय बसता किंवा चालता न येणं. एकाचे दोन दिसणं किंवा अर्धी नजर जाणं. गिळताना ठसका लागणं. जीभ जड होणं किंवा आवाज बदलणं. एका बाजूला बधिरपणा किंवा कमजोरी. चकरेबरोबर यातलं एक जरी अचानक आलं, तरी तो स्ट्रोक समजून निघा. चक्कर एकटीच असली, पण थांबत नाही आणि माणसाला उभं राहता येत नाही, तरी निघा.

प्रत्येक चक्कर स्ट्रोक नसते. कूस बदलली की गरगरतं आणि मिनिटभरात थांबतं, ती बहुतेक वेळा कानाच्या आतल्या भागाची तक्रार असते, आणि तिच्यावर साधे उपचार आहेत. फरक डॉक्टरांनी करायचा आहे. माझ्यासारख्या पोरानं फोनवर नाही.

सीटी नॉर्मल आला की घरचे सुटकेचा श्वास सोडतात. आम्हीही सोडला. सीटीवर रक्तस्राव लगेच दिसतो, पण कवटीच्या मागच्या भागात हाडं जाड असल्यानं तिथला ताजा, गुठळीचा स्ट्रोक बऱ्याचदा दिसत नाही. पहिल्या एक-दोन दिवसांत कधीकधी एमआरआयमध्येही तो सुटतो. म्हणून डोळ्यांची हालचाल आणि चाल नीट तपासणारा न्यूरोलॉजिस्ट महत्त्वाचा. लहान मेंदूचा मोठा स्ट्रोक असेल, तर पुढच्या काही दिवसांत सूज वाढून जिवावर बेतू शकतं. बरं वाटतंय म्हणून घरी नेण्याचा हट्ट धरू नका.

गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं. घड्याळ सुरू होतं ते माणूस शेवटचा ठीक होता त्या क्षणापासून. बॅसिलरच बंद पडली, तर तारेनं गुठळी बाहेर काढतात. चीनमधल्या दोन मोठ्या चाचण्यांचे निकाल २०२२ साली प्रसिद्ध झाले, आणि अशा निवडक रुग्णांना चोवीस तासांपर्यंतही याचा फायदा होतो हे दिसलं. म्हणजे उशीर झाला म्हणून घरी बसायचं नाही. पण प्रत्येक मिनिटाला मेंदू मरत असतो, हेही खरं.

उपचार झाले नाहीत तर काय होऊ शकतं? फ्रान्समधले संपादक जाँ-दोमिनिक बोबी यांना ८ डिसेंबर १९९५ रोजी मेंदूच्या देठाचा स्ट्रोक झाला. समज शाबूत, पण सगळं शरीर बंद. डाव्या पापणीच्या उघडझापीनं एकेक अक्षर निवडून त्यांनी अख्खं पुस्तक सांगितलं. मार्च १९९७ मध्ये ते प्रसिद्ध झालं, आणि काही दिवसांतच ते वारले. त्यांच्या जिद्दीला सलाम. पण आपल्या माणसावर ती वेळ येऊ नये, हे आपल्या हातात असतं.

आता आपल्या घरांबद्दल बोलतो. अमेरिकेत २०१४ साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला. दवाखान्यात येऊनही ज्यांचा स्ट्रोक ओळखला गेला नाही, त्यांच्यात स्त्रिया आणि अल्पसंख्याक समाजातले लोक जास्त होते. तरुणांत तर ही चूक कितीतरी पटीनं जास्त. हे तिथलं, दवाखान्यातलं. आपल्याकडे चूक दवाखान्याच्या आधीच, उंबऱ्याच्या आत होते. बाईला चक्कर आली, तर अशक्तपणा, पित्त, रोजा, नजर. तिनं गाडी बोलवायची, तर घरातल्या पुरुषाची वाट. माझ्या घरात सगळ्यात अचूक पाहणारी माणूस भाभी होती. तिला निर्णयाचा हक्क नव्हता. आणि तिचं बोलणं मोडीत काढणारा मौलाना नव्हता की म्हातारा नव्हता. पुरोगामी म्हणवणारा, पुण्यात राहणारा मी होतो.

रमजानबद्दल एकच. आजाऱ्याला रोज्यातून सवलत कुरआननंच दिली आहे. बीपीची, शुगरची गोळी मनानं बंद करू नका. महिना सुरू होण्याआधीच डॉक्टरांना विचारून वेळा बदलून घ्या.

आणि तुम्ही तरुण आहात म्हणून सुटलात असं नाही. मानेतल्या वाहिनीच्या आतल्या अस्तराला चीर पडून तरुणांनाही हा स्ट्रोक होतो. सलूनमध्ये मान कडकन मोडून घ्यायची सवय सोडा. २०२२ साली हैदराबादमध्ये पार्लरमध्ये केस धुताना मान मागं ताणली गेल्यानं एका बाईला स्ट्रोक झाल्याची बातमी तुम्ही वाचली असेल. असं क्वचित होतं. पण बीपी, शुगर, तंबाखू ही कारणं क्वचित नाहीत, आणि त्यात घरातल्या बायकांची मिसरीही आली.

तर आज घरी जाऊन काय करायचं? १०८ नंबर भिंतीवर मोठ्या अक्षरात लावा. कोल्हापुरात रात्री-अपरात्री सीटी, एमआरआय आणि न्यूरोलॉजिस्ट कुठं मिळतो, हे आजच विचारून ठेवा. इथून शहर जवळ नाही. मुदाळतिट्ट्याच्या अलीकडं-पलीकडं दवाखाने फिरण्यात तास घालवू नका. घरच्यांसमोर एक गोष्ट स्पष्ट बोला: अशा वेळी जी किंवा जो घरी असेल, त्यानं निघायचं. कुणाला विचारायचं नाही, पैशाचं नंतर बघू. आणि रुग्ण शेवटचा ठीक कधी होता ती वेळ लिहून घ्या. तपासणी होईपर्यंत तोंडात पाणीसुद्धा घालू नका, गिळता येत नसेल तर ते फुप्फुसात जातं.

अम्मी आहे. दीड महिना नळीनं जेवली. आता भाकरी दुधात कुस्करून खाते, खुर्चीवर बसून नमाज पढते. आवाज अजून घोगराच आहे. उजव्या हाताला गरम-गार कळत नाही, म्हणून चुलीजवळ तिला एकटीला सोडत नाही. माझ्यावर ती कधी रागावली नाही. ते जास्त लागतं.

गेल्या महिन्यात अब्बांच्या छातीत दुखायला लागलं. भाभीनं कुणालाही फोन न लावता १०८ बोलावली. मला तिनं दवाखान्यात पोहोचल्यावर कळवलं. पित्तच निघालं. भाभी म्हणाली, उगाच धावपळ झाली. मी म्हणालो, भाभी, अशी धावपळ शंभरदा करा.