भांडणाचे व्याज कोण खातो?

(मंडळाच्या मासिक सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



राजकारणावर बोला, असे मला सांगण्यात आले होते. मी बोलणार आहे एका जुन्या अमेरिकी दूरचित्रवाणी मालिकेवर. रागावू नका, विषय राजकारणाचाच आहे.

'स्टार ट्रेक' आपल्यातील काही वडीलधाऱ्यांनी ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर पाहिली असेल. तिचा 'डे ऑफ द डव्ह' हा भाग अमेरिकेत १ नोव्हेंबर १९६८ रोजी दाखवला गेला. लेखक जेरोम बिक्सबी. आदल्याच रात्री राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी उत्तर व्हिएतनामवरील बाँबहल्ले थांबवत असल्याचे जाहीर केले होते. हा योगायोगच, पण घराघरांत लोक कोणत्या मनःस्थितीत बसले असतील ते ध्यानात घ्या.

कथा थोडक्यात सांगतो. मानवांचे एंटरप्राइझ यान मदतीची हाक ऐकून एका ग्रहावर जाते. तिथे वसाहतीचा मागमूसही नाही. तेवढ्यात शत्रुपक्षाचे, म्हणजे क्लिंगॉनांचे, सेनानी कँग तिथे येतात. त्यांचे यान उद्ध्वस्त झाले आहे, ४०० माणसे मेली आहेत आणि त्यांच्या मते हे कॅप्टन कर्कचेच काम. दोघेही एकाच यानात अडकतात. आधुनिक शस्त्रांच्या जागी हातात तलवारी येतात. यानातली जवळजवळ ४०० माणसे खालच्या मजल्यांवर कोंडली जातात आणि लढायला उरतात मानव ३८, क्लिंगॉनही ३८. जखमी होणारा पुन्हा बरा होतो, पुन्हा लढतो. यानात एक रंगीत, फिरता प्रकाश दडलेला असतो. माणसांचा द्वेष हेच त्याचे अन्न.

आम्हा बँकवाल्यांना हा प्रकार लगेच कळतो. सावकाराला मुद्दल फिटलेले नको असते. मुद्दल फिटले की व्याज थांबले. म्हणून कोणी जिंकायचे नाही, कोणी हरायचे नाही, कोणी मरायचेही नाही. ३८ विरुद्ध ३८ हा आकडा स्पॉकसारख्या हिशेबी माणसाच्या डोळ्यांत खुपावा असाच आहे. खऱ्या भांडणात दोन्ही बाजू इतक्या बेतशीर नसतात.

मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो चेकॉव्ह. हा तरुण रशियन अधिकारी, भावाचा सूड घ्यायचा म्हणून पेटलेला. क्लिंगॉनांनी माझ्या भावाला मारले, म्हणतो. त्याचा सहकारी सुलू सांगतो, अहो, हा तर एकुलता एक! भाऊ कधी नव्हताच. म्हणजे व्हाउचरच बोगस. पण दुःख मात्र त्या मुलाला खरेच होते, रडू खरेच येते.

कँग यांचे तसे नाही. त्यांची माणसे खरोखर गेली आहेत. नोंद खरी, फक्त खतावणी चुकीच्या खात्यात झाली. या दोन तक्रारी एकाच मापाने मोजता येणार नाहीत. 'सगळी भांडणे कोणीतरी लावलेली, सोडून द्या' असे म्हणणारे कँगच्या ४०० माणसांनाही चेकॉव्हच्या भावासारखेच खोडून टाकतात. खरी नोंद खोडायची नसते, योग्य खात्यावर टाकायची असते. अर्ज-निवेदने देणाऱ्या आपल्यासारख्यांना हे रोजचेच आहे. आपल्या फायलीतला कोणता कागद चेकॉव्हचा आणि कोणता कँगचा, हे आधी आपणच तपासावे लागते. विरोधकाने तपासले तर तो बोगस कागद दाखवून खराही फेटाळतो.

शेवट मला जरा स्वस्तातला वाटतो. कँग तलवार टाकतात, दोन्हीकडचे मोठमोठ्याने हसतात आणि उपाशी प्रकाश निघून जातो. पण तलवार पडते ती हसण्यामुळे नव्हे. त्याआधी कँग यांची पत्नी मारा, जी स्वतः त्यांची विज्ञान अधिकारी आहे, तिची खात्री पटलेली असते, हे माझ्या मते निर्णायक. शत्रूने सांगितलेला हिशेब आपल्या माणसाने तपासून दिला.

तह मात्र त्या दिवशी होत नाही. क्लिंगॉनांशी समेटाची कथा आली ती डिसेंबर १९९१ च्या 'द अनडिस्कव्हर्ड कंट्री' या चित्रपटात. त्याच महिन्यात सोव्हिएत संघ विसर्जित झाला. त्या चित्रपटात द्वेष खाणारा प्रकाश वगैरे काही नाही. मानवांचे आणि क्लिंगॉनांचे काही बडे अधिकारी मिळून शांतता हाणून पाडण्याचा कट करतात. जन्मभर एकमेकांविरुद्ध लढलेली ही मंडळी. कटात मात्र त्यांचे एकमेकांशी उत्तम जमते.