दर दोन फुटांवर एक माणूस
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी मला विषय दिला, ‘रेल्वे : इतिहासातली, गोष्टींतली आणि छंदातली’. वेळ दिला पंधरा मिनिटे. कर्जतच्या माणसांना रेल्वे समजावून सांगायची म्हणजे कोळ्याला मासे ओळखायला शिकवण्यासारखे आहे. मागून बँकर इंजिन लागले की गाडीला जो हलकासा धक्का बसतो, तो आपल्याला झोपेतही कळतो. तरी पण आज मी हिंमत करणार आहे, कारण मला शेवटी तुमच्याकडे काही मागायचे आहे.

आधी इतिहास. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी सुटली, चौदा डबे होते, एकवीस तोफांची सलामी झाली, हे आपण शाळेत पाठ केले आहे. नाना शंकरशेटांचे नावही आपल्याला ठाऊक आहे. ठाण्यापर्यंतची जमीन सपाट. खरी परीक्षा पुढे होती, आपल्या डोक्यावर उभ्या असलेल्या बोरघाटात.

घाटाचे काम १८५६ साली सुरू झाले आणि १८६३ साली गाडी वर गेली. लांबी पावणेसोळा मैल, चढ १८३१ फूट, बोगदे पंचवीस. सर्वांत तीव्र चढण सदतीसास एक, म्हणजे सदतीस फूट पुढे गेले की एक फूट वर. एवढी उंची सरळ गाठता येईना, म्हणून खंडाळ्याजवळ ‘रिव्हर्सिंग स्टेशन’ बांधले. गाडी तिथे टोकाशी जाऊन थांबायची, इंजिन सुटून दुसऱ्या टोकाला लागायचे आणि गाडी उलट दिशेने पुढचा चढ चढायची. १९२९ साली नवा मार्ग झाला, तोवर हे असेच चालले.

या कामाशी जोडलेली काही नावे पुस्तकांत सापडतात. मुख्य अभियंता जेम्स बर्कले. घाटाची आखणी त्यांची, पण गाडी वर गेलेली पाहायला ते राहिले नाहीत, १८६२ सालीच वारले. पहिल्या कंत्राटदाराने १८५९ साली काम सोडले. मग सॉलोमन ट्रेडवेल इंग्लंडहून आले आणि थोड्याच दिवसांत आजाराने गेले. त्यांची पत्नी अ‍ॅलिस ट्रेडवेल हिने कंत्राट आपल्या अंगावर घेतले आणि अनुभवी अभियंत्यांच्या मदतीने तडीस नेले. त्या काळात एका विधवा बाईने एवढे काम उभे केले, ही साधी गोष्ट नव्हे.

आता मजुरांकडे या. १८६१ साली घाटात बेचाळीस हजारांवर माणसे कामाला होती. सुरुंगाची भोके पाडायला माणसांना दोराने कड्यावरून खाली सोडत. पटकीच्या साथी आल्या, हजारो मेले. १८५९च्या जानेवारीत थकलेल्या मजुरीवरून दंगा झाला. एवढे सगळे लिहिलेले आहे. मात्र त्या बेचाळीस हजारांतले एक नाव सांगा म्हटले, तर मला सांगता येणार नाही.

आता गोष्टींकडे. रेल्वे आली आणि लेखकांना एक नवे पात्रच मिळाले. टॉल्स्टॉयची अ‍ॅना कारेनिना रेल्वेच्या फलाटावरच कथेत येते आणि रेल्वेखालीच संपते. खुशवंतसिंगांच्या ‘ट्रेन टू पाकिस्तान’मधले मनो माजरा गाव गाड्यांच्या वेळेवर उठते आणि झोपते. ते वाचताना मला आपली रेल्वेची चाळ आठवते. विभूतिभूषण बंद्योपाध्यायांच्या ‘पथेर पांचाली’त अपू आणि दुर्गा या भावंडांना आगगाडी पाहायची असते. सत्यजित राय यांच्या चित्रपटात ती दोघे काशाच्या फुलांमधून गाडीकडे धावतात, ते दृश्य पुष्कळांनी पाहिले असेल. मूळ कादंबरीत मात्र दुर्गा गाडी न पाहताच जाते. आपल्या उशाशी दिवसरात्र गाड्या धडधडत होत्या. कुणाचा जीव गाडी बघायला तळमळतो, हे मला ती कादंबरी वाचेपर्यंत माहीत नव्हते.

या बहुतेक गोष्टींत माणूस एक तर डब्यात बसलेला असतो, नाही तर लांबून बघणारा असतो. रुळावर काम करणारा क्वचितच भेटतो. तो भेटतो डिकन्सच्या ‘द सिग्नलमन’ या १८६६च्या कथेत. त्यामागे एक खरी घटना आहे. ९ जून १८६५ रोजी इंग्लंडमध्ये स्टेपलहर्स्ट येथे डिकन्स ज्या गाडीत होता, ती पुलावरून कोसळली. दहा माणसे गेली. पुलाची दुरुस्ती चालू होती. मुकादमाने वेळापत्रक चुकीचे वाचले आणि रूळ काढून ठेवले. लाल निशाण घेतलेला माणूस हजार यार्डांवर हवा होता, तो ५५४ यार्डांवर उभा होता. डिकन्सने स्वतः जखमींना पाणी पाजले. पुढच्या वर्षी त्याने खोल खोदलेल्या मार्गात, बोगद्याच्या तोंडाशी एकट्याने ड्युटी करणाऱ्या सिग्नलवाल्याची गोष्ट लिहिली. ती भुताची गोष्ट म्हणून प्रसिद्ध आहे. मला मात्र तो माणूस ओळखीचा वाटतो. आपल्या अंगावर किती जीव आहेत या विचाराने ज्याला झोप लागत नाही, असा बाप आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी होता.

आता माझा छंद. निवृत्तीनंतर मी छोट्या रेल्वेची मांडणी करू लागलो. घरचे म्हणतात, ‘आजोबा झाले आणि खेळणी घेऊन बसले.’ चालायचेच. मेर्कलिन या जर्मन कंपनीने १८९१ साली खेळण्यातल्या रुळांची ठरावीक मापे बाजारात आणली, तेव्हापासून हा छंद जगभर पसरला. पुण्यात कोथरूडला भाऊ जोशी यांनी उभारलेले लघुरेल्वेचे संग्रहालय आहे. नातवंडांना जरूर न्या, आणि स्वतःही जा.

यात सर्वांत चालणारे प्रमाण ‘एचओ’, म्हणजे सत्त्याऐंशीस एक. रुळांतले अंतर साडेसोळा मिलिमीटर. इथेच आपली अडचण सुरू होते. हे माप युरोपातल्या १४३५ मिलिमीटरच्या रुळांवरून आले आहे. आपला ब्रॉडगेज १६७६ मिलिमीटरचा. सत्त्याऐंशीने भागले तर सव्वाएकोणीस मिलिमीटर हवेत. तयार रूळ घ्यावेत तर आपली गाडी त्यांवर बोजड दिसते, आणि अचूक करायचे तर प्रत्येक काटा हाताने बनवावा लागतो. मी अचूकतेच्या मागे लागलो. त्यामुळे तीन वर्षांत जेमतेम तीन मीटर रूळ झाले आहेत.

पण या छंदाने मला एक हिशेब शिकवला. संपूर्ण बोरघाट सत्त्याऐंशीस एक प्रमाणात करायचा म्हटला, तर लांबी होते सुमारे २९१ मीटर आणि उंची साधारण साडेसहा मीटर. म्हणजे मैदानाच्या कडेने रूळ टाकत येऊन आपल्या शाळेच्या दुसऱ्या मजल्याच्या व्हरांड्यापर्यंत चढवायचे. या प्रमाणात माणूस होतो दोन सेंटिमीटरपेक्षाही कमी. आता १८६१ सालची बेचाळीस हजार माणसे त्या रुळाच्या कडेला उभी करा. दर सात मिलिमीटरला एक येतो, खांद्याला खांदा लागतो. खऱ्या घाटात हेच अंतर भरते दोन फूट. पळसदरीच्या बाजूपासून लोणावळ्यापर्यंत दर दोन फुटांवर एक माणूस! बेचाळीस हजार हा आकडा मी अनेकदा वाचला होता. तो डोळ्यांपुढे उभा राहिला तो टेबलावर, हातात चिमटा असताना.

बाजारात दोन सेंटिमीटरची माणसे विकत मिळतात. कोट-टोपीतले प्रवासी, शिट्टी फुंकणारा गार्ड. खांद्यावर हातोडा आणि पाना घेतलेला आपला चावीवाला मला मिळाला नाही. तो मी स्वतः कोरला. माझे वडील चावीवाले होते. रोज ठरलेला पट्टा चालत जायचा, सुटलेली चावी ठोकायची, ढिला बोल्ट आवळायचा. पावसाळ्यात रात्रीची गस्त, दरड कोसळली तर रुळावर लावायला फटाके जवळ. ते गेले तेव्हा त्यांच्या कामाविषयी लिहिलेला एकही कागद घरात नव्हता. पट्टा कोणत्या मैलापासून कोणत्या मैलापर्यंत होता, हेही आईने सांगितले म्हणून कळले.

आता मागणे. आपल्या तुकडीतल्या निम्म्या मुलांचे वडील रेल्वेत होते. कुणाचे बँकरवर, कुणाचे केबिनमध्ये, कुणाचे गँगमध्ये. मंकीहिलला उतरत्या गाडीचे ब्रेक कसे तपासत, ‘खेकडा’ इंजिन घाटात कसे कण्हत असे, हे जाणणारी पिढी जवळजवळ संपली. काहींच्या आई आहेत. काही काका आज इथे बसले आहेत. १८६३ची नावे गेली ती गेली. ही अजून जायची आहेत.

दाराजवळच्या टेबलावर कोरी कार्डे ठेवली आहेत. प्रत्येकाने आपल्या वडिलांचे नाव, हुद्दा, कामाचा पट्टा आणि आठवत असेल तेवढी एक हकिकत लिहावी. ज्यांना आठवत नाही त्यांनी घरी विचारून पाठवावी. शाळेने एक खोली देण्याचे कबूल केले आहे. माझी मांडणी मी शाळेला देतो आहे, आणि तिच्या भिंतीवर ही कार्डे लागतील. मुले छोटी गाडी बघायला येतील, तेव्हा तिच्या बाजूला उभ्या माणसांची नावेही वाचतील.

कार्डे लिहिल्याशिवाय जेवणाचे ताट मिळणार नाही, असे संयोजकांनी सांगायला सांगितले आहे. मी आपला निरोप्या.