शिक्षेचे माप

पोळ्याचा सण सरला की दुसऱ्या दिवशी पांढुर्ण्याच्या जाम नदीत गोटमार भरते. पात्राच्या मध्यभागी पळसाचे झाड रोवलेले असते आणि त्यावर झेंडा असतो. एका काठावर पांढुर्णा, दुसऱ्या काठावर सावरगाव. पांढुर्णेकरांनी तो झेंडा काढून आणावयाचा आणि सावरगावकरांनी त्यांस अडवावयाचे, असा हा डाव. आणि त्याचे साधन म्हणजे नदीतले गोटे. झेंडा हाती आला की तो चंडीमातेच्या देवळात नेतात. हा प्रघात पिढ्यान् पिढ्या चालत आला आहे. दरवर्षी शेकडो माणसे जखमी होतात. कित्येकांचे डोळे गेले, हातपाय मोडले आणि काहींना प्राणास मुकावे लागले. मनाईहुकूम निघाले, गोट्यांऐवजी रबरी चेंडू देऊन पाहिले. पण गोटे काही थांबले नाहीत.

अशा ठिकाणी एखाद्याचा गोटा दुसऱ्याच्या डोळ्यावर बसला आणि मारणारा न्यायालयापुढे उभा राहिला, तर त्याला शिक्षा किती व्हावी? पारावर याची दोन उत्तरे मिळतात. एक म्हणते, ही तर रूढी. सारे गाव मारीत होते, मग एकट्यालाच शिक्षा का? दुसरे म्हणते, एकाला अशी अद्दल घडवा की पुढल्या वर्षी कोणी गोटा उचलणार नाही. दोन्ही उत्तरे मनापासून दिलेली असतात. परंतु दोहोंतही एक उणीव आहे. समोर उभ्या असलेल्या माणसाने नेमके काय केले, हे दोघांपैकी कोणीच विचारीत नाही.

न्यायालयाचे काम याच प्रश्नापासून सुरू होते. शिक्षेची कमाल मर्यादा कायदा ठरवितो. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेत साध्या दुखापतीला एक वर्षापर्यंत आणि गंभीर दुखापतीला सात वर्षांपर्यंत कारावास आहे. एक डोळा कायमचा निकामी होणे ही कायद्याच्या व्याख्येप्रमाणे गंभीर दुखापतच होय. मृत्यू घडविण्याचा हेतू नव्हता, पण आपल्या कृत्याने मृत्यू संभवतो याची जाणीव होती, असे ठरल्यास सदोष मनुष्यवधासाठी शिक्षा दहा वर्षांपर्यंत जाते. म्हणजे गोटा एकच. परंतु मारणाऱ्याचा हेतू, त्याची जाणीव आणि झालेली हानी यांप्रमाणे त्याचे मोल निरनिराळे ठरते.

येथे रूढीचा कैवारी म्हणेल की, दोघेही आपल्या राजीखुशीने नदीत उतरले होते. कायद्याने या युक्तिवादाचाही विचार केलेला आहे. संमतीने खेळलेल्या खेळात इजा झाली तर तो गुन्हा होत नाही, असे कलम जुन्या दंडसंहितेत होते आणि नव्या संहितेतही ते २५ व्या कलमात आहे. त्याखाली उदाहरण दिले आहे ते करमणुकीसाठी तलवारबाजी खेळणाऱ्या दोघांचे. परंतु त्याला दोन अटी आहेत. संमती देणारा अठरा वर्षांवरील असावा. आणि त्या कृत्याने मृत्यू किंवा गंभीर दुखापत होण्याचा संभव असल्याची जाणीव करणाऱ्याला नसावी. ज्या खेळात दरवर्षी डोकी फुटतात, तेथे दुसरी अट पुरी होणे फार कठीण.

दोष सिद्ध झाला म्हणजे शिक्षा आपोआप ठरत नाही. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने एक मोठी सुधारणा केली. सत्र खटल्यात आरोपी दोषी ठरल्यावर शिक्षेच्या प्रश्नावर त्याचे म्हणणे वेगळे ऐकून घ्यावे, असे तिने सांगितले. ही सुनावणी म्हणजे केवळ उपचार नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली संतासिंगच्या खटल्यात स्पष्ट केले. आज नागरिक सुरक्षा संहितेतही ती तरतूद कायम आहे. या टप्प्यावर पारडे दोन्ही बाजूंनी भरावयाचे असते. आरोपीचे वय काय, पूर्वी त्याने गुन्हा केला होता काय, गोफण वापरली की हाताने मारले, पडलेल्या माणसावर पुन्हा गोटा टाकला काय, जखमीला उचलून दवाखान्यात कोणी नेले, भरपाई देण्याची तयारी आहे काय, या साऱ्यांचा विचार तेथे होतो.

आरोपी एकवीस वर्षांच्या आतला असेल आणि गुन्हा आजन्म कारावासास पात्र नसेल, तर १९५८ च्या परिवीक्षा कायद्याचे सहावे कलम आणखी पुढे जाते. अशा तरुणाला तुरुंगात धाडणे का आवश्यक आहे, याची कारणे न्यायाधीशाला लिहून द्यावी लागतात. अठरा वर्षांखालील मुलाचा विचार तर बाल न्याय मंडळच करते. दुसऱ्या बाजूने, दंडाच्या रकमेतून जखमीला नुकसानभरपाई देण्याचा अधिकारही न्यायालयास आहे. संत्र्याच्या बागेत मजुरी करणाऱ्याचा डोळा गेला, तर त्याच्या घरच्यांना आरोपीच्या कारावासाइतकीच या भरपाईची निकड असते.

गर्दीचा प्रश्न मात्र सर्वांत बिकट आहे. शंभर हातांतून गोटे सुटले आणि एक माणूस मेला, तर घातक गोटा कोणाचा? १९५३ साली दलीपसिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात असाच पेच होता. प्राणघातक जखमा नेमक्या कोणाच्या हातून झाल्या हे सांगता येत नाही, म्हणून सत्र न्यायाधीशाने फाशी दिली नव्हती. उच्च न्यायालयाने ती दिली. सर्वोच्च न्यायालयाने ही वाढ मान्य केली नाही. आपण असतो तर अधिक शिक्षा दिली असती, एवढे वाटणे वरिष्ठ न्यायालयाला पुरेसे नाही. खालच्या न्यायाधीशाची कारणे न्यायबुद्धीला पटण्याजोगी असतील तर हात आखडावा, असा त्याचा आशय होता. तो निर्णय लिहिणारे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस हे पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्या काळी सौंसर आणि पांढुर्ण्याची अपिले नागपुरासच जात. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेनंतर ती जबलपूरला जाऊ लागली.

गावात पुष्कळदा समेट होतो. काठ दोन असले तरी सोयरीक एकच असते, आणि जखमीचे वडीलच म्हणतात, जाऊ द्या. समेटाने वैर शमते, हे मोठेच काम. परंतु २०१९ साली मध्य प्रदेश राज्य विरुद्ध लक्ष्मीनारायण या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, खुनाच्या प्रयत्नासारखा गंभीर गुन्हा हा समाजाविरुद्धचा गुन्हा असल्याने केवळ समेटावरून तो मोडीत काढता येत नाही. याच राज्यातून गेलेल्या मनोज विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात, २०२२ साली, दुसरी बाजूही ठसविली गेली. जेथे मृत्युदंडाचा प्रश्न असेल तेथे आरोपीचे घर, शिक्षण, परिस्थिती आणि मनःस्थिती यांची माहिती खटला चालतानाच न्यायालयापुढे आली पाहिजे, असे तेथे ठरले.

या व्यवस्थेत उणिवा नाहीत असे नाही. एकाच तऱ्हेच्या गुन्ह्याला एका न्यायालयात सहा महिने आणि दुसऱ्यात तीन वर्षे मिळू शकतात. न्यायाधीशांना वाट दाखविणारी मार्गदर्शक तत्त्वे आपल्याकडे नाहीत, ही खंत सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली प्रेमसागरच्या खटल्यात नोंदविली. त्यापूर्वी २००३ साली मलिमथ समितीने अशी तत्त्वे घालून देण्याची शिफारस केली होती. इंग्लंडात २०१० पासून त्यासाठी स्वतंत्र परिषद आहे. आपल्याकडे तूर्त आधार आहे तो निकालपत्रात लिहिलेल्या कारणांचा. शिक्षा अपुरी वाटली तर शासन आणि जादा वाटली तर आरोपी त्या कारणांवर बोट ठेवून अपील करू शकतो. आणि आरोपीचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्याची शिक्षा वाढविता येत नाही.

दहशत बसावी, हाही शिक्षेचा एक हेतू आहे आणि न्यायालये तो विचारात घेतात. परंतु त्यालाही कृत्याचे कुंपण आहे. वीस वर्षांच्या पोराने मारलेल्या एका गोट्यावर साऱ्या नदीतील गोट्यांचा भार टाकता येत नाही; आणि साऱ्यांनी मारले म्हणून त्याचा गोटा हलकाही होत नाही. गोटमार थांबवावयाची असेल तर ते काम पोळ्यापूर्वीच्या दिवसांत, दोन्ही काठांवरच्या वडीलधाऱ्यांनी आणि २०२३ साली पांढुर्णा व सौंसर मिळून झालेल्या नव्या जिल्ह्याच्या प्रशासनाने करावयाचे आहे. न्यायालयापुढे ज्याचा डोळा गेला तो आणि ज्याच्या हातून गेला तो, एवढे दोघेच उभे असतात. त्या दोघांना आपापल्या वाट्याचे माप का मिळाले, हे निकाल वाचून समजले पाहिजे.