मंगलवाद्य आणि मजुरी



कामगार संघटनेत हयात घालविलेल्या माणसाने लग्नातल्या वाजंत्र्यांवर काय बोलावे, असे काहींना वाटले असेल. पण वाजविणे हेही काम आहे आणि वाजविणाऱ्यालाही पोट आहे. जेथे काम आणि पोट यांचा प्रश्न येतो, तेथे आमचे बोलणे अस्थानी ठरू नये.

अलीकडे मुंबई-पुण्याची, क्वचित परदेशातलीही कुटुंबे तारकर्लीला, वेंगुर्ल्याला, नाहीतर सीमेपलीकडे गोव्यात समुद्रकाठी लग्न लावतात. १९९८ साली कोकण रेल्वे पुरी झाली, २०२१ साली चिपीचा विमानतळ सुरू झाला, आणि वऱ्हाडाची वाट सोपी झाली. या लग्नांना ‘डेस्टिनेशन वेडिंग’ म्हणतात. मांडव, जेवण, फुले सारे ठरले की शेवटी मागणी येते: “इकडचे अस्सल, समोर बसून वाजविणारे लोक मिळतील का?” या मागणीची थट्टा आम्ही करणार नाही. मागणी चांगली आहे. प्रश्न असा की अस्सल कशाला म्हणावयाचे, आणि तो माणूस सहजी मिळत का नाही?

अस्सलपणा फेट्यात नसतो. सनई घ्या. एक जण वाजवितो, दुसरा नुसता सूर धरतो, तिसरा चौघड्यावर बसतो. सूर धरणाऱ्याला वगळले तर एका माणसाचा खर्च वाचतो, पण सनई उघडी पडते. शिवाय वाजंत्र्याचा डोळा भटजींच्या हातावर असतो. मंगलाष्टके लांबली तर तो थांबतो. अंतरपाट दूर झाला की त्याच क्षणी वाद्ये उठतात. यंत्रातल्या सनईला हा क्षण दिसत नाही, कोणीतरी कळ दाबावी लागते. प्रसंग ओळखणारा माणूस हजर असणे, यालाच आम्ही अस्सलपणा म्हणतो.

वाद्याचे साहित्य बदलले म्हणूनही ते नकली होत नाही. घुमटाचेच पाहा. मातीच्या भांड्याच्या तोंडाला पूर्वी घोरपडीचे कातडे ताणीत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घोरपडीला संरक्षण मिळाले, मग बकऱ्याचे कातडे आले. घुमट आरतीत राहिले, ख्रिस्ती बांधवांच्या मांडोच्या साथीला राहिले, आणि २०१९ साली गोवा सरकारने त्याला राज्याचे वारसा वाद्य म्हणून जाहीर केले. कातडे बदलले, हात तेच राहिले.

आपल्या जिल्ह्यात असे हात पुष्कळ आहेत. दशावताराची पेटी, मृदंग, झांज, डबलबारीचे भजनी, पालखीपुढचे ढोल-ताशे. पण त्यांच्या कामाचे दिवस ठरलेले आहेत. तुळशीचे लग्न लागले की मुहूर्त सुरू होतात, आणि नेमक्या त्याच वेळी जत्राही सुरू होतात. दशावतारी मंडळी रात्री दहीकाल्यात आणि दिवसा प्रवासात. चातुर्मासात मुहूर्त नाहीत आणि माणूस शेतात. म्हणजे कमाईचा हंगाम अर्ध्या वर्षाचा, पोट मात्र बारा महिन्यांचे!

आता कडू बोलतो. सनईला आपण मंगलवाद्य म्हटले. पण वाद्य मंगल आणि वाजविणारा मांडवाबाहेर, अशी आपली रीत होती. जातीने काम ठरवून दिले, आणि पंगती उठल्यावर त्याचे पान मांडले. बिस्मिल्ला खाँसाहेबांना २००१ साली भारतरत्न मिळाले. सनईचा मान दिल्लीपर्यंत पोचला, सनईवाल्याचा मान गावच्या मांडवापर्यंत आला नाही. त्यातच कॅसेट आली आणि तिने उरलेले काम नेले. मग त्याच्या मुलाने सनई का हाती धरावी? तो रिक्षा चालवितो, मुंबईला जातो, आणि शहाणपणाच करतो.

हे दुखणे आपल्यापुरते नाही. अमेरिकेत वादकांच्या संघटनेने जेम्स पेट्रिलो यांच्या नेतृत्वाखाली १ ऑगस्ट १९४२ पासून तबकड्यांसाठी वाजविणे बंद केले. तबकडी जिवंत वादकाची भाकरी खाते, ही त्यांची तक्रार. संप दोन वर्षांवर चालला. अखेर विकल्या जाणाऱ्या तबकड्यांमागे काही रक्कम एका निधीत टाकण्याचे कंपन्यांनी कबूल केले, आणि त्या निधीतून लोकांसाठी फुकट कार्यक्रम करणाऱ्या वादकांना पैसे मिळू लागले. त्यांनी यंत्र मोडले नाही, यंत्राच्या नफ्यात वाटा मागितला.

आपल्याकडे काय दिसते? लग्नात ध्वनिमुद्रित गाणी लावल्याबद्दल कंपन्यांना पैसे द्यावेत की नाही, हा वाद गोव्यात उच्च न्यायालयात गेला, आणि २०२४ साली न्यायालयाने त्याबाबतचे सरकारी परिपत्रक रद्द केले. कंपनीच्या हक्कासाठी वकील उभे राहतात. वादकाचाही हक्क १९९४ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात आला आहे. त्याच्या संमतीवाचून त्याचे वादन मुद्रित करून धंद्याला वापरता येत नाही. पण चटईवर बसलेल्या सनईवाल्याला हे सांगतो कोण?

तेव्हा ज्यांना खरे वादक हवेत, त्यांनी काय करावे? दलालाच्या चित्रांवर विसंबू नये. आदल्या हंगामात जत्रेला, भजनाला यावे, कानांनी ऐकावे आणि ताफ्याच्या प्रमुखाशी स्वतः बोलावे. सुपारी देताना किती माणसे येणार, किती वेळ वाजविणार, बिदागी किती, येण्याजाण्याचा खर्च कोणाचा, हे कागदावर लिहावे. विसार आधी द्यावा, उरलेले पैसे उठण्यापूर्वी हातात. मध्यस्थ असेलच तर त्याचा वाटा वादकालाही ठाऊक असावा. समुद्रकाठच्या दमट हवेत कातडे सैल पडते. ते शेकायला विस्तवाची जागा आणि अर्धा तास द्यावा. वाऱ्याचा आडोसा द्यावा. रात्री दहानंतर उघड्यावर वाजविण्याचा आग्रह धरू नये, कायद्याचा बडगा वादकाच्या पाठीत बसतो. आणि पान पंगतीत मांडावे, मागाहून नव्हे.

वादकांनाही आमचे सांगणे आहे. एकेकट्याने दर पाडू नका. ताफ्यांनी एकत्र बसून किमान बिदागी ठरवा, आपली यादी आपणच करा आणि ती गावच्या वाचनालयात ठेवा. गिऱ्हाइकाला पत्ता मिळेल, तुम्हाला भाव मिळेल.

कणकवलीला हे अवघड जाऊ नये. या गावाने आपल्या सांस्कृतिक प्रतिष्ठानाला नाव दिले ते वसंतराव आचरेकरांचे, आणि आचरेकर होते तबल्याचे साथीदार. मैफलीत बाजूला बसणाऱ्याचे नाव ज्या गावाने दारावर लावले, त्याने मांडवाबाहेर बसणाऱ्याला आत बोलवावे, एवढीच आमची विनंती आहे. जिवंत संगीत हवे असेल तर संगीत वाजविणारा आधी जगला पाहिजे.