ब्रुनो क्रेमेर नावाचा नट

आज ज्याच्याबद्दल बोलणार आहे, त्याचं नाव तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ऐकलेलं नसेल. ब्रुनो क्रेमेर. जन्म 1929चा, पॅरिसच्या अगदी शेजारचा. नाट्यशिक्षण पॅरिसच्या काँझर्वेत्वारमध्ये, बेलमोंदो, ज्याँ रोशफोर या मंडळींच्या बरोबरीने. बेलमोंदो स्टार झाला, क्रेमेर नाटकं करत राहिला. 1959 साली आनुईच्या ‘बेकेट’मध्ये बेकेटची भूमिका पहिल्यांदा रंगमंचावर आणली ती यानेच. पुढे सिनेमा निघाला, तेव्हा ती गेली रिचर्ड बर्टनकडे. असं होतंच म्हणा.

मग आला 1965चा ‘317वी तुकडी’. दिग्दर्शक पिएर शूंदॉरफर, स्वतः दिएन बिएन फूला कैद झालेला माणूस. 1954चं इंडोचायना, माघार घेणारी छोटीशी तुकडी. एक कोवळा लेफ्टनंट आणि त्याच्या हाताखाली विल्सडॉर्फ हा मुरलेला हवालदार. हा विल्सडॉर्फ अल्सासचा, म्हणजे आधीच्या महायुद्धात जर्मनांच्या बाजूने लढावं लागलेला! क्रेमेर ते कुठेही ‘दाखवत’ नाही. तो चालतो कसा, बसतो कसा, एवढंच बघा. युद्धपटांत इतकं आरडाओरडा न करणारं काम मी फार कमी पाहिलंय.

1977मध्ये फ्रीडकिनच्या ‘सॉर्सरर’मध्ये तो पॅरिसचा बँकर झाला, घोटाळा करून लॅटिन अमेरिकेत पळालेला आणि शेवटी नायट्रोग्लिसरीनचा ट्रक हाकणारा. त्यात बायकोने दिलेल्या घड्याळाचा एक प्रसंग आहे. सांगत नाही, बघा. दुर्दैव असं की त्याच उन्हाळ्यात ‘स्टार वॉर्स’ आला आणि ‘सॉर्सरर’ पडला. हॉलीवूडचं दार किलकिलं झालं आणि मिटलं. आज लोक तो सिनेमा डोक्यावर घेतात, पण नटाचं आयुष्य तेवढं थांबत नाही ना!

साठी उलटल्यावर घराघरांत पोहोचवलं ते टीव्हीने. सिमनाँचा इन्स्पेक्टर मेग्रे. 1991 ते 2005, 54 भाग. आधी ज्याँ रिशारने वीसेक वर्षं तीच भूमिका केलेली, त्यामुळे तुलना ठरलेली. क्रेमेरचा मेग्रे धावत नाही, हुशारी मिरवत नाही. जडसा माणूस, पाइप, ओव्हरकोट, आणि समोरच्याला बोलू देणं. माझ्या मते त्याचं खरं भांडवल हेच, ऐकणं. आपल्याकडच्या मालिकांत दर वाक्याला कॅमेरा तीनदा आपटतो, त्यांनी हे बघायला हरकत नाही.

मधेच, 2000 साली, फ्राँस्वा ओझोंचा ‘वाळूखाली’. शार्लट रॅम्पलिंगचा नवरा समुद्रात पोहायला जातो आणि परत येतच नाही. क्रेमेर पडद्यावर थोडाच वेळ आहे. पण पुढचा सगळा सिनेमा त्याच्या नसण्यावर उभा आहे, आणि ते नसणं जाणवतं, कारण असताना तो तेवढा जड होता.

आता जे मला सगळ्यात लागलं, ते. मेग्रेच्या शेवटच्या भागापर्यंत आजारपणाने त्याचा आवाज गेला होता. चेहरा त्याचा, चाल त्याची, पण आवाज व्हँसाँ ग्रास या दुसऱ्या नटाचा. चौदा वर्षं ज्या आवाजाची प्रेक्षकांना सवय, तोच नाही. 2010च्या ऑगस्टमध्ये क्रेमेर कर्करोगाने गेला.

सुरुवात करायची तर ‘317वी तुकडी’पासून करा. आणि कृपा करून डब केलेलं नको, सबटायटल्स लावून, त्याच्या आवाजात.